कुणाला दाखवणार?

आमच्या नेरूळच्या सेक्टरमध्ये दर गुरुवारी संध्याकाळी गीतेचा वर्ग असतो. तेरावा अध्याय चालू होता. शिकवणाऱ्या बाई अभ्यासू आहेत, शांकरभाष्य त्यांनी मुळातून वाचलेलं आहे. साक्षी कसा असतो हे समजावताना त्या म्हणाल्या, "कॅमेऱ्यासारखं व्हायचं. त्याच्यासमोर लग्न होवो की मयत, तो नुसता बघतो. त्याला काही चिकटत नाही." वर्गातल्या मंडळींना ते पटलं. मला पटलं नाही, आणि का पटलं नाही ते दोन वाक्यांत सांगण्यासारखं नव्हतं. माझी सगळी नोकरी माहितीपटांच्या कॅमेऱ्यामागे गेली. म्हणून सविस्तर लिहितो आहे.

आधी यंत्राविषयी. माझ्या हातात बरीच वर्षं सोळा मिलिमीटरचा ॲरीफ्लेक्स होता. आर्नोल्ड आणि रिश्टर या दोघांनी १९१७ मध्ये म्युनिकला काढलेल्या कंपनीचा कॅमेरा. दोघांच्या नावांच्या सुरुवातीतून 'ॲरी' झालं. या कंपनीने १९३७ मध्ये फिरत्या आरशाचा सिनेकॅमेरा आणला. त्याआधी कॅमेरामन बहुतेक वेळा कॅमेऱ्याच्या कडेला बसवलेल्या वेगळ्या भिंगातून बघायचा आणि फिल्मवर काय येतंय ते अंदाजाने ठरवायचा. आता त्याला थेट लेन्समधूनच दिसू लागलं. हे जमलं कसं, तर आरसा शटरवरच तिरका बसवला. तो फिरत फिरत लेन्सच्या मागे आला की प्रकाश वळून माझ्या डोळ्याकडे येतो, आणि तेवढ्या वेळात फिल्म अंधारात एक चौकट पुढे सरकते. आरसा बाजूला झाला की प्रकाश फिल्मवर पडतो, आणि तेवढ्या वेळात माझ्या डोळ्यापुढे अंधार असतो. सेकंदाला चोवीस वेळा हे चालतं. फिल्मच्या वाट्याला प्रत्येक वेळी सेकंदाचा साधारण अठ्ठेचाळिसावा भाग येतो, उरलेला माझ्या वाट्याला.

याचा अर्थ असा की जे फिल्मवर उमटलं ते त्या क्षणी मी पाहिलेलं नाही, आणि जे मी पाहिलं ते फिल्मवर कुठेच नाही. एका ज्येष्ठ सहकाऱ्याने टेबलावर कॅमेरा उघडून, हाताने शटर फिरवत हे मला दाखवलं, तेव्हा मी बराच वेळ काही बोललो नव्हतो. मुंडकोपनिषदात एका झाडावरच्या दोन पक्ष्यांचं रूपक आहे. एक फळ खातो, दुसरा न खाता बघतो. लहानपणापासून ऐकलेलं. त्या टेबलाशी मला वाटलं, या पेटीत दोघं एकाच दारातून आळीपाळीने आत येतात. खाणारा आत असतो तेव्हा बघणारा बाहेर असतो.

म्हणून 'कॅमेरा बघतो' हे म्हणणं चुकीचं आहे. कॅमेरा घेतो. बघतो तो माणूस, आणि तोही मोकळा नसतो. आयपीसवरून डोळा काढला तर तिथून प्रकाश उलटा आत शिरतो आणि फिल्म धुकट होते. शॉट चालू असेपर्यंत डोळा हलवायचा नाही, हे आम्हाला पहिल्या दिवशी शिकवत. चारशे फुटांचं मॅगझिन म्हणजे अकरा मिनिटं. समोर काहीही घडो, तेवढा वेळ माणूस त्या रबराच्या वाटीला जखडलेला. आणि त्याआधी त्याने कुठे उभं राहायचं, कोणती लेन्स लावायची, कधी चालू करायचं, कधी थांबायचं, हे ठरवलेलं असतं. ही सगळी कामं हातापायांची आहेत. कर्मेंद्रियांची आहेत.

बाईंनी सांगितलेल्या श्लोकाकडे मी घरी येऊन पुन्हा पाहिलं. तिथे देहातल्या परमपुरुषाला जवळून बघणारा म्हटलं आहे आणि त्याच दमात अनुमती देणाराही म्हटलं आहे. बघणाऱ्याची अनुमती कशी, याचा एक अर्थ शंकराचार्य असा देतात की देह-इंद्रियं आपापल्या व्यापारात गुंतलेली असताना हा साक्षी त्यांना कधीच अडवत नाही. आत्म्याच्या बाबतीत मला यात काही अडचण वाटत नाही. आत्म्याला हात नाहीत, जागा नाही, लेन्स बदलण्याची सोय नाही. पण दहा फुटांवर उभ्या असलेल्या, हात असलेल्या माणसाने अडवलं नाही, तर त्याच्या न अडवण्याला आपण काय म्हणायचं? या प्रश्नाने मला काही जर्मन माणसांच्या आयुष्यांकडे नेलं. योगायोग असा की त्यातल्या एकाचं आयुष्य आपल्या मालाडला गेलं.

योझेफ विर्शिंग १९०३ चा, म्युनिकचा. म्हणजे माझा कॅमेरा जिथे जन्मला त्याच शहरातला. तिथल्या एमेल्का स्टुडिओत तो कॅमेऱ्याचं काम शिकला आणि विशी नुकतीच ओलांडलेली असताना निर्माते हिमांशु राय आणि दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन यांच्यासोबत भारतात आला. चित्रपट होता 'प्रेम संन्यास', १९२५ चा, गौतम बुद्धाच्या जीवनावर. त्याची सुरुवात अगदी माहितीपटासारखी आहे: परदेशी प्रवासी भारत बघत हिंडत आहेत. मग बुद्धाची कथा सुरू होते. मला यात मोठा अर्थ दिसतो. सिद्धार्थाची गोष्ट ही बघण्याचीच गोष्ट आहे. म्हातारा दिसला, आजारी दिसला, प्रेत दिसलं, संन्यासी दिसला. पुढे बुद्धाने मनाच्या तटस्थतेची शिकवण दिली, इगतपुरीच्या ध्यानकेंद्रात आजही दहा-दहा दिवस लोक ती शिकायला बसतात. पण त्या चार दृश्यांपुढे तो स्वतः तटस्थ राहिला नाही. त्याने घर सोडलं. भारतात आलेल्या त्या तरुण कॅमेरामनच्या भिंगापुढे पहिल्यांदा आला तो हा माणूस, ज्याला नुसतं बघून परत महालात जाता आलं नाही.

१९३४ मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज उभी राहिली. ऑस्टेन आणि विर्शिंग पुन्हा आले, सोबत आणखी जर्मन तंत्रज्ञ आले. १९३६ मध्ये त्यांनी 'अछूत कन्या' केला. ब्राह्मण मुलगा प्रताप, अस्पृश्य मुलगी कस्तुरी, रेल्वेचं फाटक. अशोककुमार आणि देविका राणी. निरंजन पाल यांची कथा, सरस्वतीदेवींचं संगीत.

त्या वर्षाच्या आसपासच्या तारखा मी कधी कधी वहीत एकाखाली एक लिहून बसतो. १५ सप्टेंबर १९३५, न्यूरेंबर्गचे कायदे: ज्यू आणि जर्मन यांच्यातल्या लग्नांवर बंदी. १३ ऑक्टोबर १९३५, येवला: हिंदू म्हणून मरणार नाही, ही बाबासाहेबांची घोषणा. मे १९३६ ची अखेर, मुंबईतली महार परिषद, तिथलं धर्मांतरावरचं बाबासाहेबांचं भाषण. आणि त्याच वर्षी मालाडच्या स्टुडिओत एक जर्मन दिग्दर्शक जातीपायी मोडलेल्या प्रेमाचा चित्रपट करत होता. त्याच १९३६ मध्ये फ्रान्झ ऑस्टेन नात्सी पक्षाचा सदस्य झाला.

हे वाचल्यावर मी पहिल्यांदा दांभिक असा शब्द मनात आणला, नंतर तो काढून टाकला. ऑस्टेन खोटं रडत नसावा. इथली अस्पृश्यता त्याला खरोखर दिसली असेल, कारण ती त्याची नव्हती. दुसऱ्याच्या अंगणातलं दुःख स्वच्छ दिसतं. आपल्या घरातलं बघायला जी जागा बदलावी लागते ती माणूस बदलत नाही. कॅमेऱ्याच्या भाषेत सांगायचं तर त्याचा स्टँड तिथे लागतच नव्हता.

विर्शिंगचा प्रकाश मात्र मी पुन्हा पुन्हा बघतो. देविका राणीच्या केसांवर मागून येणारी कडा, गालावर मऊ उजेड, मागे काळोखाचा भरणा. म्युनिक आणि बर्लिनच्या मूकपटांनी कमावलेली ही छायाप्रकाशाची विद्या त्याने मालाडच्या दमट हवेत रुजवली, आणि पुढच्या हिंदी सिनेमाला ती पुरली. कस्तुरीवर प्रेक्षक जीव टाकतो. पण मला असंही वाटतं की तो जीव टाकतो त्या उजेडामुळे, त्या चेहऱ्यामुळे. महार परिषदेला जमलेल्या माणसांना कणव नको होती. त्यांना हक्क हवा होता, आणि हक्काला चेहरा सुंदर असावा लागत नाही. माझ्या मते 'अछूत कन्या'च्या प्रकाशयोजनेची ही मर्यादा आहे, आणि ती मोठ्या कलावंताची मर्यादा आहे.

सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध पेटलं आणि इथल्या जर्मनांना ब्रिटिश सरकारने स्थानबद्ध केलं. ऑस्टेन मायदेशी परतला. विर्शिंगची युद्धाची वर्षं छावण्यांत गेली. अहमदनगर, देवळाली, सातारा, पुरंदर: आपल्याच मुलखात या छावण्या होत्या. ज्याचा धंदा बघण्याचा, त्याच्यावर अष्टौप्रहर पहारा. युद्ध संपल्यावर तो निघून जाऊ शकला असता. गेला नाही. पुन्हा मालाडला आला, १९४९ चा 'महल' त्याने टिपला, आणि 'पाकीजा'चं चित्रण चालू असतानाच १९६७ मध्ये मुंबईत वारला. तो चित्रपट १९७२ ला आला.

पण माझ्या प्रश्नाच्या दृष्टीने विर्शिंगचं सगळ्यात मोलाचं काम हे नाहीच. शूटिंगच्या मधल्या वेळात तो स्वतःच्या साध्या कॅमेऱ्याने फोटो काढायचा. त्याच्या वारसांनी ती हजारो निगेटिव्ह जपली आणि २०१७ मध्ये अल्काझी फाउंडेशनने गोव्याच्या सेरेंडिपिटी महोत्सवात त्यांचं प्रदर्शन केलं. सेटची मागची बाजू, दिवे, रूळ, कॅमेऱ्याभोवती ताटकळणारी माणसं, मेकअप झालेला पण शॉट नसलेला नट. चित्रपटात जे प्रेक्षकापासून लपवायचं असतं तेच या फोटोंत आहे. पडद्यावर नाव न आलेली, ओझी वाहणारी माणसं आहेत. इथे विर्शिंग माहितीपटवाला आहे.  एका स्टुडिओत दिवसभर कोण राबत होतं, याची साक्ष ती निगेटिव्ह आज देतात.

अस्सल माहितीपटवाला जर्मनही मुंबईत होता. पॉल झिल्स. बर्लिनच्या उफा कंपनीत शिकलेला, युद्धकाळात कैदी म्हणून भारतात आलेला. सुटल्यावर इथेच राहिला, फली बिलिमोरियांसोबत माहितीपटांची संस्था चालवली, १९४९ मध्ये 'इंडियन डॉक्युमेंटरी' नावाचं नियतकालिक सुरू केलं. सरकारी चौकटीबाहेर माहितीपट उभा राहावा यासाठी या परक्या माणसाने दशकभर धडपड केली, आणि त्या दशकाच्या शेवटी तो जर्मनीला परतला. त्याच्याकडून मी घेतो ते एवढंच, की कैदेतून सुटलेला माणूस ज्याने कैद केलं त्या सरकारची भाषा सोडून त्या देशातल्या माणसांची गोष्ट सांगू शकतो.

आता चौथा माणूस. याच्यापाशी मी सगळ्यात जास्त अडलो.

वाल्टर फ्रेन्ट्स, जन्म १९०७. विद्युत अभियांत्रिकीचा विद्यार्थी, खळाळत्या नद्यांतून छोटी होडी हाकण्याचा शौकीन. होडीतूनच त्याने पहिल्या फिल्म केल्या. पाण्याच्या पातळीवरून, लाटेच्या आतून टिपलेलं ते चित्रण होतं. दिग्दर्शिका लेनी रीफेनश्टालने त्याला १९३३ मध्ये नात्सी पक्षाच्या मेळाव्याच्या चित्रणासाठी घेतलं. पुढच्या वर्षीच्या न्यूरेंबर्गच्या मेळाव्याच्या फिल्मवर तो होता, १९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकच्या फिल्मवर होता. त्याचं हातातल्या कॅमेऱ्याचं काम आजही थक्क करतं. युद्ध सुरू झाल्यावर तो हिटलरच्या मुख्यालयात नेमला गेला आणि १९४५ पर्यंत तिथे राहिला.

ऑगस्ट १९४१ मध्ये नात्सी नेता हिमलर मिन्स्कला गेला. तिथे त्याच्यासमोर, शहराबाहेर, सुमारे शंभर माणसांना खड्ड्याशी उभं करून गोळ्या घालण्यात आल्या. त्या दौऱ्यात फ्रेन्ट्स होता. त्याने ते पाहिलं. आणि त्यानंतरची जवळजवळ चार वर्षं त्याने तीच नोकरी, त्याच माणसांसोबत, तशीच केली.

फ्रेन्ट्स पक्षाचा भाषणबाज नव्हता. त्याला निसर्ग आवडायचा, उजेड आवडायचा, रंगीत फिल्म आवडायची. त्याच्या चित्रांत द्वेष सापडत नाही. चौकट नेटकी, प्रकाश चोख. समोर कोण आहे याने त्याचा हात बदलत नाही: नदी, धावपटू, सेनापती, कैदी, सगळे सारख्याच निगुतीने टिपलेले. गुरुवारच्या वर्गात सांगितलेला कॅमेरा हाच. ज्याला काही चिकटत नाही. मला फ्रेन्ट्सची भीती वाटते ती यामुळे, की आमच्या धंद्यात गुण म्हणून जे शिकवलं जातं ते सगळं त्याच्याजवळ होतं.

मग साक्षीभाव ही शिकवणच घातक आहे का? मी तसं म्हणणार नाही. वयाच्या या टप्प्यावर मला तिचा आधार आहे. पत्नीच्या आजारपणात, रात्री हॉस्पिटलच्या बाकावर बसून मी स्वतःच्या भीतीकडे बघायला शिकलो: ही भीती आहे, ती आली, ती छातीत आहे, ती जाईल. त्या बघण्याने मला उभं ठेवलं. पण त्या रात्री मी पत्नीच्या वेदनेकडे तसं बघितलं असतं तर? ही वेदना आहे, आली आहे, जाईल, असं म्हणून बेल दाबली नसती तर? इगतपुरीच्या शिबिरातही साधक स्वतःच्या संवेदना बघतो, शेजारच्याच्या नाही. सगळी गोम इथे आहे असं मला वाटतं. साक्षीभाव हे स्वतःच्या सुखदुःखावरचं औषध आहे. ते दुसऱ्याच्या दुःखावर लावलं की विष होतं. सांख्यांचा पुरुष आणि वेदान्ताचा साक्षी आपापल्या देह-मनाचं नाटक बघतात, ते शेजारच्या घरात चाललेला खून बघत नाहीत. ग्रंथांनी ही सीमा गृहीत धरली आहे. आपण ती पुसतो, कारण पुसणं सोयीचं असतं.

दुसऱ्याचं दुःख बघणारा साक्षी कसा असावा, याचं उदाहरण आपल्याकडे आहे, आणि ते उपनिषदांत नसून महाभारतात आहे. संजय.

संजयाला आपण हस्तिनापुरात बसून दूरचं बघणारा समजतो. महाभारतात तो तेवढाच नाही. युद्धाआधी व्यास धृतराष्ट्राला दृष्टी देऊ करतात. राजा म्हणतो, आप्तांचा वध मला बघायचा नाही, मी ऐकेन. बघण्याची दृष्टी मग संजयाला मिळते. आणि भीष्म पडतात तेव्हा संजय रणांगणावरून राजाकडे येतो, बातमी घेऊन. तो तिथे होता. पुढे सात्यकीने त्याला पकडलंही, मारणारच होता, व्यासांनी सोडवलं. म्हणजे या साक्षीचा जीव पणाला लागलेला होता. दुर्योधन मेल्यावर त्याची दिव्य दृष्टी संपते.

पण मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते हे की संजय सूत आहे, धृतराष्ट्राचा सेवक आहे, त्याचं अन्न खातो, आणि त्यालाच तोंडावर सांगतो की हे तुझ्यामुळे झालं. एकदा नाही, परत परत सांगतो. राजा विलाप करतो, मूर्च्छित होतो, शुद्धीवर येतो, संजय पुढचं सांगतो आणि मध्ये पुन्हा बजावतो की विदुर बोलला तेव्हा तू ऐकलं नाहीस. तो तटस्थ नाही. तो अचूक आहे. कौरवांचा पराक्रम तो लपवत नाही, पांडवांची कपटंही लपवत नाही. मात्र ज्याच्या हुकमाने हे घडलं त्यालाच ते ऐकवण्यापासून तो हटत नाही. फ्रेन्ट्सकडे संजयासारखी दृष्टी होती, जवळीक होती, राजाचं अन्नही होतं. त्याने राजाला काही ऐकवलं नाही.

हे ग्रंथांमधून मला उमगलेलं नाही. मला ते एका मिठागरावर एका माणसाने सांगितलं.

जानेवारी १९८४ मध्ये जासईच्या दास्तान फाट्यावर आणि परिसरात जमिनीसाठी लढणाऱ्या शेतकऱ्यांवर गोळीबार झाला. १६ आणि १७ जानेवारी, पाच माणसं गेली. दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखालचं ते आंदोलन. पंचाण्णव गावांच्या जमिनी नव्या शहरासाठी घेतल्या होत्या, आणि जमीन देणाऱ्याला विकसित जमिनीतला साडेबारा टक्के हिस्सा मिळावा ही मागणी पुढे मान्य झाली ती त्या रक्तानंतर. त्यानंतर काही महिन्यांनी मी एका युनिटबरोबर या भागात होतो. नव्या शहरावर फिल्म करायची होती. वरून आलेली सूचना अशी की रुंद रस्ते घ्या, नव्या इमारती घ्या, मागे डोंगर घ्या. गावठाण चौकटीत नको.

उरणच्या वाटेवर एका मिठागराशी आम्ही थांबलो. सकाळचा तिरपा उजेड मिठाच्या ढिगांवर पडलेला. मला तो शॉट हवा होता, फिल्ममध्ये लागो न लागो. मी स्टँड लावला. मिठागरात काम करणारा एक उतारवयाचा आगरी माणूस वर बांधावर आला, कॅमेऱ्याला वळसा घालून माझ्या बाजूला उभा राहिला आणि विचारलं, "ह्या कोनाला दाखवनार?" आमचे दिग्दर्शक म्हणाले, "थेटरात लागेल. सगळ्यांना दिसेल." तो म्हणाला, "सगल्यांना नको. जमीन घेतली त्या सायबाला दाखवा." आणि खाली उतरून कामाला लागला.

त्याला प्रसिद्धी नको होती, सहानुभूतीही नको होती. त्याला संजय हवा होता. ज्याच्या सहीने हे झालं त्याच्यासमोर जाऊन, हे बघ, असं म्हणणारा कुणीतरी. तो शॉट अंतिम फिल्ममध्ये राहिला नाही, आणि राहिला असता तरी ज्याला दाखवायला हवा होता त्याच्यापर्यंत तो गेला नसता, कारण फिल्म त्यासाठी बनलेलीच नव्हती. तेव्हापासून मी प्रत्येक कामाआधी हा प्रश्न विचारत आलो. काही कामं त्या उत्तरावरून नाकारली. काही मिळेनाशी झाली.

ते मिठागर आज शोधून सापडत नाही. उलव्याचा डोंगर कापून सपाट झाला, दहा वस्त्या उठल्या, आणि ८ ऑक्टोबर २०२५ ला तिथे विमानतळाचं उद्घाटन झालं. विमानतळाला माझा विरोध नाही, माझी नात त्याच विमानतळावरून जाईल-येईल. मात्र डोंगर कापला जात असताना त्या वस्त्यांतल्या पोरांनी मोबाइलवर जे टिपून ठेवलं आहे, ते माझ्या पिढीच्या सगळ्या रिळांपेक्षा मोलाचं आहे असं मी मानतो. त्यांना कुणी लेन्स ठरवून दिलेली नव्हती.

आमच्या नेरूळलाच याचं आणखी जवळचं उदाहरण आहे. खाडीकाठच्या डीपीएस तलावावर हिवाळ्यापासून फ्लेमिंगो येतात, आणि त्यांच्यामागे लांब लेन्स घेऊन छायाचित्रकार येतात. चिखलात पोटावर पडून तासन्‌तास थांबणारी ही माणसं मला फार आवडतात. २०२४ च्या उन्हाळ्यात तलावात भरतीचं पाणी येणं थांबलं, तळ सुकून भेगाळला आणि काही फ्लेमिंगो दगावले. गुलाबी थव्यांचे फोटो काढणाऱ्या हातांनी मग सुकलेला तळ टिपला, मेलेले पक्षी टिपले, आणि ते फोटो स्पर्धेला न पाठवता अधिकाऱ्यांकडे तक्रारीसोबत पाठवले. पर्यावरणाचं काम करणाऱ्यांनी पाठपुरावा केला, पाहणी झाली, पाण्याची वाट मोकळी करण्याचा विषय सरकारदरबारी पोचला. त्यातल्या कुणी संजयाचं नाव घेतलं नसेल. पण दहा फुटांवरच्या माणसाने काय करावं, याचं उत्तर त्यांच्याकडे होतं: ज्याच्या हातात पाण्याची वाट आहे त्याच्यापुढे नेऊन ठेवावं.

एक आक्षेप राहतो, आणि तो खरा आहे. फ्रेन्ट्सने १९४४ मध्ये मिटेलबाऊ-डोरा इथल्या भुयारी कारखान्यात रंगीत फोटो काढले. व्ही-दोन अस्त्रं तिथे कैद्यांच्या श्रमातून बनत. त्या छावणीत सुमारे साठ हजार माणसं आणली गेली आणि वीस हजारांच्या आसपास मेली. फोटोंत कैदी पट्ट्यापट्ट्यांच्या कपड्यांत, यंत्रांवर एकाग्र झालेले आहेत. मरण चौकटीबाहेर आहे. हे फोटो राज्यकर्त्यांना उत्पादन दाखवण्यासाठी काढले होते. पण आज डोरातल्या श्रमाचं जे थोडं चित्र जगापुढे आहे त्यात ते मोडतात. मग त्याच्या निर्विकार नजरेने अखेर सत्याचीच सेवा केली, असं म्हणायचं का?

कर्माचा सिद्धान्त मी जेवढा समजलो त्यावरून माझं उत्तर नाही असं आहे. फळ चांगलं निघालं म्हणून कर्माचं पुण्य कर्त्याकडे जात नाही, त्याने काय हेतूने आणि कुणासाठी केलं ते बघावं लागतं. त्या फोटोंना साक्ष बनवलं ते वाचलेल्या कैद्यांनी, ज्यांनी चौकटीबाहेर काय होतं ते सांगितलं, आणि इतिहासकारांनी, ज्यांनी ते ऐकून घेतलं. पुण्य असलंच तर ते त्यांचं. डोराच्या गुन्ह्यांवर १९४७ मध्ये डाखाऊला खटला चालला. १९६७ ते १९७० एसेनला दुसरा खटला चालला. दोन्ही वेळा फ्रेन्ट्स जिवंत होता, तो २००४ पर्यंत जगला. दोन्ही वेळा ते रंगीत फोटो त्याच्या घरातल्या सुटकेसमध्ये होते. ती सुटकेस १९९८ मध्ये त्याच्या मुलाच्या हाती लागली.